तुमच्या उसवलेल्या अठरा ओळींबद्दल

ताई, नमस्कार.

आमच्या दुकानातल्या विणकामाच्या वर्गाला तुम्ही दोन तारे दिलेत आणि कारणंही सविस्तर लिहिलीत. तुमचं म्हणणं असं की सहा तासिकांपैकी पहिल्या दोन नुसत्या सुलट टाक्यात, म्हणजे अगदी पहिल्या साध्या टाक्यात, गेल्या. घरून आणलेली लोकर आणि सुया बाजूला ठेवायला सांगून आमच्याकडची नवी घ्यायला लावली. आणि तिसऱ्या दिवशी, तुम्ही रात्री जागून विणून आणलेल्या अठरा ओळी आमच्या शिक्षिकेने तुम्हाला न विचारता उसवल्या. ऐरोलीहून ट्रेनने ठाण्याला यायचं, स्टेशनपासून नौपाड्यापर्यंत चालायचं, आणि रिकामी सुई घेऊन परत जायचं, यापेक्षा युट्यूबवर दहा मिनिटांत शिकले असते, असंही तुम्ही लिहिलंत.

उसवण्याचं आधी बोलते, कारण तिथे चूक आमची आहे. मी तेव्हा गल्ल्यावरच होते. तुम्ही तो तुकडा रुमालात गुंडाळून आणला होता. सुई ओढली गेली आणि धागा भराभर सुटत टेबलावर पडला, टाक्यांच्या कुरळ्या तशाच राहिलेला. तुम्ही काही बोलला नाहीत, पण नंतरचा अर्धा तास तुमचा हात चालला नाही. मी तेव्हाच उठून यायला हवं होतं. मनापासून माफी मागते. शिकणाऱ्याच्या हातातलं काम शिक्षिकेने ओढायचं नाही, हा नियम त्याच संध्याकाळी केला. चूक कुठे आहे ते दाखवायचं, आणि उसवायचं की नाही ते शिकणाऱ्याने ठरवायचं. उसवायचं ठरलं तर तिच्याच हातांनी.

पण त्या तुकड्यात काय झालं होतं हे तुम्हाला कुणी नीट सांगितलंच नाही, ते आता सांगते. तुम्ही २० टाके घातले होते आणि अठराव्या ओळीला सुईवर २७ होते. तुकडा खाली अरुंद आणि वर दोन बोटं जास्त रुंद झाला होता. सातपैकी सहा टाके कडेला वाढले होते. ओळ संपवून काम फिरवलं की धागा आपल्या बाजूला येतो. सुलट विणायचं तर तो सुईच्या टोकाखालून मागे न्यायचा. सुईच्या वरून ओढून नेला तर पहिला टाका ताणला जातो आणि त्याचे दोन्ही पाय, म्हणजे फाशाच्या दोन्ही बाजू, सुईवर उभे राहतात. ते दोन टाके आहेत असं वाटतं आणि आपण दोन्ही विणतो. सातवा वाढला अकराव्या ओळीत, मधोमध. तिथे एक छोटं भोक होतं. धागा पुढे राहिला असताना सुलट टाका घेतला की धागा सुईवरून जातो आणि पुढच्या ओळीत त्याचाच टाका बनतो.

या दोन चुका माझ्याकडे येणाऱ्या जवळजवळ प्रत्येकीकडून होतात, माझ्याकडूनही झाल्या होत्या. उपाय सोपा आहे. प्रत्येक ओळ संपली की टाके मोजा. २१ आले तर तेवढीच ओळ उलगडायची, आणि तीही सुई न काढता, एकेक टाका मागे घेत. अठरा ओळी जायची वेळच येत नाही.

पहिल्या दोन तासिका सुलट टाक्यातच का, तर दोन्ही बाजूंनी सुलट विणलेला तुकडा सपाट बसतो आणि दोन ओळींचा मिळून एक उंचवटा दिसतो, म्हणून ओळी मोजता येतात. एक ओळ सुलट, एक ओळ उलट केली की कडा गुंडाळल्या जातात. ते त्या विणीचं स्वरूपच आहे, पण नवीन माणसाला वाटतं आपलं काहीतरी बिघडलं. तरीही तुमच्या बॅचला दुसऱ्या तासिकेच्या उत्तरार्धात उलट टाका दाखवता आला असता. यापुढे दाखवू.

लोकरीबद्दल तुमची तक्रार अर्धी बरोबर आहे. लोकर आमच्याकडूनच घ्यावी अशी अट कधीच नव्हती, पण फिकट रंगाची, गुळगुळीत, चार पदरी आणा हे आम्ही व्हॉट्सॲपच्या निरोपात लिहायला हवं होतं. तुमची गडद निळी आणि केसाळ होती. तिच्यात टाक्याचा पाय कुठला आणि पोट कुठलं हे मलाही चष्मा लावून शोधावं लागलं. सुयांचं म्हणाल तर आपल्याकडच्या जुन्या नंबरात आकडा वाढला की सुई बारीक होते. १२ नंबर म्हणजे २.७५ मिलिमीटर, ९ नंबर म्हणजे ३.७५. तुम्ही १२ जाड समजून घेतल्या होत्या. निरोपात आता दोन्ही गोष्टी लिहिल्या आहेत. नवीन लोकर-सुयांचे ३१० रुपये तुम्हाला परत करते, सामान तुमच्याकडेच ठेवा.

युट्यूबवर टाका जरूर शिकता येतो. माझ्या कितीतरी विद्यार्थिनी व्हिडिओ बघूनच येतात. आपल्या तुकड्यात काय झालंय हे मात्र शेजारी बसलेल्या माणसालाच दिसतं, आणि त्या दिवशी नेमकं तेच काम आमच्याकडून झालं नाही.

तुम्हाला बहिणीच्या बाळंतविड्यात ठेवायला टोपी आणि मोजे हवेत, हे तुम्ही पहिल्याच दिवशी सांगितलं होतंत. ते होईल. नुकत्याच जन्मलेल्या बाळाच्या डोक्याचा घेर साधारण ३५ सेंटीमीटर असतो आणि टोपी थोडी ताणून बसावी म्हणून ३३ धरायची. १० सेंटीमीटरमध्ये तुमचे २४ टाके बसत असतील तर ८० टाके घालायचे. पण तुमचा हात घट्ट आहे. त्याच १० सेंटीमीटरमध्ये तुमचे ३० बसत असतील तर तेच ८० टाके जेमतेम २७ सेंटीमीटर भरतील आणि टोपी बाळाच्या डोक्यात जाणार नाही. म्हणून आधी हातभर नाही, पण तळहाताएवढा नमुना विणून मोजायचा. वीण दोन सुलट, दोन उलट. ती ताणली जाते आणि ८० ला चाराने भाग जातो. मोज्यांच्या आत मात्र एकही सुटा धागा राहू द्यायचा नाही. तो बाळाच्या बोटाभोवती आवळला जाऊ शकतो, म्हणून प्रत्येक टोक सुईने विणीत ओवून घ्यायचं. हे मी स्वतः तुमच्याजवळ बसून करून घेईन.

तुमच्या तीन तासिका बाकी आहेत, आणि तिसरी फुकट गेली म्हणून आणखी एक आमच्याकडून. गुरुवारी आणि शनिवारी दुपारी चार ते साडेपाच मी स्वतः असते. यायचं नसेल तर उरलेल्या तासिकांची फी परत करते, दुकानाच्या नंबरावर एक निरोप पुरे. येणार असाल तर ती निळी लोकरही घेऊन या. टोपीसाठी नको, पण हात बसला की तिचा मफलर छान होईल, आणि त्याला ९ नंबरच्याच सुया लागतील.