डॉक्टर, पंधरावा चट्टा शोधा

अभिनंदन डॉक्टर! एमबीबीएस झालं, स्टेप्स (अमेरिकेच्या परीक्षा) झाल्या, रेसिडेन्सी झाली, आणि आता जे-वन वेव्हरच्या (डॉक्टर कमी असलेल्या भागात नोकरी केली की मायदेशी परतायची अट माफ) कृपेने अमेरिकेतल्या एका अशा गावात पहिली अटेंडिंगची, म्हणजे स्वतंत्र डॉक्टरची, नोकरी लागली की जिथून इंडियन ग्रोसरी दोन तासावर आहे. कॉन्ट्रॅक्टवर तुम्ही पगाराचा आकडा बघून सही केलीत, सगळेच करतात. पण मागच्या पानांवर कुठेतरी एक वाक्य असतं की पहिली दोन वर्षं पगाराची गॅरंटी आणि त्यानंतर वर्क आरव्हीयूप्रमाणे, म्हणजे केलेल्या कामाच्या वजनाप्रमाणे. ते वाचलं नसेल तर बसा, सांगतो. मी कोण? मी पुण्यात बसून रात्रभर तुमच्या नोट्स वाचणारा मेडिकल कोडर. तुम्ही पेशंटशी काय बोललात, किती डोकं लावलंत, किती कळवळून समजावलंत ते सगळं वाचायचं आणि शेवटी त्याचा एक पाच आकडी नंबर, म्हणजे बिलाचा कोड, करायचा, एवढंच माझं काम, आणि त्या नंबरावर तुमचा घराचा हप्ता चालणार आहे. तेव्हा चार युक्तीच्या गोष्टी फुकट सांगतो. फुकट एवढ्याचसाठी, की सल्ल्याला कोड नाहीये.

आधी हिशोब. मेडिकेअरच्या (मुख्यतः म्हाताऱ्यांसाठीचा अमेरिकेचा सरकारी आरोग्यविमा) फी शेड्यूलमधे प्रत्येक कोडला तीन वजनं असतात. एक डॉक्टरच्या कामाचं, दुसरं प्रॅक्टिसच्या खर्चाचं म्हणजे जागा, नर्स, सुया, फ्रंट डेस्क वगैरे, आणि तिसरं मालप्रॅक्टिस इन्शुरन्सचं, म्हणजे पेशंटने कोर्टात खेचलं तर त्यासाठीच्या विम्याचं. ढोबळ मानाने निम्मे पैसे कामाचे, पंचेचाळीस टक्क्यांच्या आसपास खर्चाचे, आणि उरलेले चिमूटभर मालप्रॅक्टिसचे. तिन्हीला त्या त्या भागाच्या गुणकाने गुणायचं (मॅनहॅटनचं भाडं आणि मिसिसिपीचं भाडं सारखं नसतं, आणि अलास्कात तर कामाचा गुणक कायद्यानेच १.५ आहे), बेरीज करायची, आणि त्या बेरजेला कन्व्हर्जन फॅक्टर नावाच्या डॉलरच्या आकड्याने गुणायचं, २०२५ मधे तो ३२.३५ होता. ९९२१४, म्हणजे जुन्या पेशंटची जरा गुंतागुंतीची व्हिजिट, तिचं कामाचं वजन १.९२, आणि तिन्ही वजनं मिळून क्लिनिकला साधारण सव्वाशे डॉलर. प्रायव्हेट इन्शुरन्सवाले पण बहुतेक हीच वजनं उचलतात आणि त्यावर आपला टक्का लावतात. तुमच्या कॉन्ट्रॅक्टमधे मात्र फक्त पहिलं वजन, बाकीच्या दोनाशी तुमचा संबंध नाही, ती एम्प्लॉयरची.

आता तुम्ही विचाराल हे वजन ठरवलं कुणी. गंमत ऐका. १९८० च्या दशकात मेडिकेअर डॉक्टरला त्याच्या नेहमीच्या आणि त्या भागात चालणाऱ्या रेटवरून पैसे द्यायचं, म्हणजे ज्याने आधीपासून जास्त लावले त्याला पुढेही जास्त. तेव्हा हार्वर्डचे विल्यम शाओ आणि त्यांची टीम बसली, वेगवेगळ्या स्पेशालिटीच्या डॉक्टरांना विचारत सुटली की अमुक कामाला किती वेळ लागतो, किती डोकं लागतं, किती हात लागतो, किती टेन्शन येतं, आणि १९८८ मधे त्यांनी आपला अभ्यास छापला. निष्कर्ष असा की कापाकापीला पैसे जास्त मिळतात आणि पेशंटशी बोलून, तपासून, विचार करणाऱ्याला कमी, तर ते जरा सारखं करावं. १९८९ मधे कायदा झाला, १ जानेवारी १९९२ पासून लागू. म्हणजे ही सगळी यंत्रणा उभी राहिली ती विचार करणाऱ्या डॉक्टरचं भलं व्हावं म्हणून! आता ह्याच यंत्रणेत विचार कसा टाळायचा ते मी तुम्हाला शिकवतोय, पण त्यात शाओसाहेबांचा दोष नाही, त्यांनी तराजू करून दिला, वजनं मारायला पुढे दुसरेच बसले.

हे दुसरे म्हणजे रक (RUC). अमेरिकन मेडिकल असोसिएशनने १९९१ मधे केलेली कमिटी, आज ३२ जण, बहुतेक वेगवेगळ्या स्पेशालिटी सोसायट्यांची माणसं. वर्षातून तीनदा भेटतात, आत बसायचं तर गोपनीयतेच्या कागदावर सही, मतदान गुप्त, दोन तृतीयांश मतं लागतात. ते वजन सुचवतात आणि सरकारने वर्षानुवर्षं दहातले जवळपास नऊ तरी जसेच्या तसे घेतलेत. एखाद्या ऑपरेशनला किती मिनिटं लागतात हे कळायला रस्ता कुठला, तर त्या स्पेशालिटीची सोसायटी आपल्याच मेंबरांना सर्व्हे पाठवते. तीस-पन्नास-पंचाहत्तर उत्तरं आली की झालं. आता तुम्हीच सांगा, "तुझं काम किती कठीण आहे, उत्तरावर तुझे पैसे ठरतील" असं विचारल्यावर "छे हो, सोप्पं आहे, पंधरा मिनिटात होतं" म्हणणारा संत किती स्पेशालिटीत जन्मला असेल? २०१३ मधे वॉशिंग्टन पोस्टने ह्यातली मिनिटं जोडून बघितली तर कोलोनोस्कोपीला हिशोबात ७५ मिनिटं धरलेली आणि प्रत्यक्षात लागायची साधारण अर्धा तास, आणि काही डॉक्टर तर कागदावर एका दिवसात चोवीस तासांपेक्षा जास्त काम करत होते. अर्जुनाला पण असा दिवस मिळाला नव्हता, त्याच्यासाठी कृष्णाला सूर्य झाकायला लागला. पुढे कोलोनोस्कोपीचं वजन ३.६९ वरून घसरत ३.२६ वर आलं, तो भाग वेगळा.

तर तुमचा पहिला धडा, चुकीची स्पेशालिटी घेतलीये तुम्ही. फॅमिली मेडिसिन म्हणे! मोतीबिंदूच्या साध्या ऑपरेशनचं कामाचं वजन ७.३५ (२०२५ ची यादी बघून सांगतोय, पुढचेही आकडे त्यातलेच), ऑपरेशनची मिनिटं हिशोबात वीस. आधी ते ८.५२ होतं, २०२० मधे कमी केलं तेव्हा डोळ्यांचे डॉक्टर हळहळले. खरं सांगायचं तर त्यात पुढच्या नव्वद दिवसांच्या तपासण्या पण धरलेल्या असतात, म्हणजे फुकटात नाही मिळत, पण तरी तुमच्या ९९२१४ च्या व्हिजिटा साधारण चार लागतात एका डोळ्याला. चार व्हिजिटा म्हणजे चार माणसं, प्रत्येकाच्या सात गोळ्या, एकाचा मुलगा जेलमधे, एकीला इन्सुलिन परवडत नाही म्हणून ती एक दिवसाआड घेते. हे सगळं नोटमधे लिहिलंत तर मी वाचतो, मला वाईट पण वाटतं, पण त्याने व्हिजिटची लेव्हल, म्हणजे कोड, हलत नाही. म्हणजे औषध परवडत नसल्यामुळे उपचारच अडले असं तुम्ही नीट लिहिलंत तर जोखमीच्या रकान्यात थोडं मोजलं जातं, नुसता कळवळा मात्र मोजत नाहीत.

ठीक आहे, घेतली स्पेशालिटी, आता बदलता येत नाही. मग पेशंट तरी निवडून आजारी पाडा. एकटा ब्लड प्रेशर, कंट्रोलमधे, गोळी चालू ठेवा, हे ९९२१३, वजन १.३०. तेच ब्लड प्रेशर डायबेटिसला बरोबर घेऊन आलं, दोन्ही कंट्रोलमधे, गोळ्या चालू ठेवा, ९९२१४, १.९२. म्हणून जोडीने येणाऱ्या आजारांचं दारात जाऊन स्वागत करा. एका आजाराचा पेशंट आला तर निराश होऊ नका, नीट विचारा, गुडघा दुखतो का, झोप लागते का, घोरता का, अमेरिकेत बहुतेक सगळे घोरतात.

दुसरं, मनगटावर घड्याळ पाहिजे आणि सेकंदकाटा असलेलं. तंबाखू सोडा हे सांगायला तीन मिनिटांच्या वर बोललात तर ०.२४. तीन मिनिटांच्या आत पेशंटला पटलं आणि त्याने तिथेच पाकीट कचऱ्यात टाकलं तर शून्य, म्हणून फार प्रभावी बोलू नका, जरा लांबण लावा. आयसीयूत क्रिटिकल केअरला ४.५०, पण निदान तीस मिनिटं हवीत, एकोणतीस मिनिटात माणूस वाचवलात तर तुमचीच घाई तुम्हाला नडली. आणि शेवटच्या आजारात काय करायचं, व्हेंटिलेटर लावायचा का नाही, हे बोलण्याला पण कोड आहे, १.५०, खरंच चांगली गोष्ट आहे, आधी तर तेही नव्हतं. पण तिथे सोळा मिनिटं लागतात. पंधराव्या मिनिटाला म्हातारा म्हणाला की पुरे डॉक्टर, मला कळलं, मला घरी जाऊ द्या, तर उठू नका. नातवंडं किती विचारा.

त्वचेचं थोडंफार तुम्ही पण करत असाल, तर हे वहीत लिहून ठेवा. उन्हाने आलेले कॅन्सरच्या आधीचे चट्टे गोठवायला पहिल्या चट्ट्याला ०.६१, दुसऱ्यापासून चौदाव्यापर्यंत प्रत्येकी ०.०४. म्हणजे चौदा चट्टे मिळून १.१३. आणि पंधरा झाले की कोडच बदलतो, सरसकट १.३७. त्यानंतर तीस करा नाहीतर साठ करा, तेवढेच. तेव्हा चौदावर थांबणारा डॉक्टर हा डॉक्टर नव्हे. कानामागे बघा, टकलावर बघा, टोपी काढायला लावा, पंधरावा कुठेतरी असतोच. आणि सोळाव्याकडे ढुंकून बघू नका. तसंच आतड्यातले पॉलिप, एकाच फासाने पाच काढले तरी कोड एकदाच, पण एक फासाने आणि दुसरा चिमट्याने काढला तर दोन कोड आणि वर मॉडिफायर ५९, म्हणजे ही दोन कामं वेगळी होती असं सांगणारी शेपटी. आता कुठल्या पॉलिपला काय हत्यार हे त्याच्या आकारावरून ठरतं असं पुस्तकात आहे. पुस्तक लिहिणाऱ्याला बोनसची टार्गेटं नव्हती.

न करायच्या गोष्टी पण सांगून ठेवतो. दुसऱ्या दिवशी पेशंटच्या मुलीला फोन करून चौकशी करू नका, फार्मसीशी भांडू नका, इन्शुरन्स कंपनीच्या डॉक्टरशी अर्धा तास होल्डवर थांबून एमआरआय मंजूर करून घेऊ नका, कारण हे सगळं व्हिजिटच्या वजनातच धरलंय असं समजायची पद्धत आहे. पोर्टलवर रात्री अकराला फोटोसकट मेसेज येतात, "डॉक्टर हे लाल कशाने?" त्यालासुद्धा कोड आहे बरं का, सात दिवसांत मिळून पाच मिनिटं झाली तर ०.२५. तो बिल केलात की पेशंट त्याच पोर्टलवर दुसरा मेसेज पाठवेल, को-पे (खिशातून भरायचा वाटा) कसला म्हणून, आणि त्याचं उत्तर परत फुकट. आणि पेशंट आलाच नाही तर? तुम्ही सकाळी त्याची जुनी फाईल वाचून ठेवलीत, रिपोर्ट बघितलेत, तर स्वाध्याय म्हणून उत्तम.

आता तुम्ही म्हणाल मग सगळ्यांनी मिळून ओरडून विचार करायचं वजन वाढवून घ्यावं. घेतलं ना! २०२१ मधे ९९२१४ चं १.५० वरून १.९२ केलं. पण कायद्यात एक कलम आहे, बदलांमुळे खर्च वर्षाला दोन कोटी डॉलरच्या वर हलत असेल तर तेवढा कुठूनतरी कापायचाच. टोपात आमटी तेवढीच, पाहुणे वाढले की पाणी वाढवायचं, आणि इथे पाणी म्हणजे कन्व्हर्जन फॅक्टर. २०२४ मधे पेशंटला वर्षानुवर्षं सांभाळणाऱ्या डॉक्टरसाठी जी२२११ नावाचा जोडकोड आला, वजन ०.३३, सगळे खुश, आणि त्याच वर्षी मुख्यतः त्याच्याच खर्चापायी फॅक्टर ३३.८९ वरून ३२.७४ वर. मग काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, मार्चमधे थोडं मलम लावलं. १९९२ मधे हा फॅक्टर ३१ डॉलर होता हो, आणि २०२५ मधे ३२.३५. तेहतीस वर्षांत सव्वा-दीड डॉलर! महागाई धरली तर सत्तरच्या आसपास असायला पाहिजे होता. एसटीच्या कंडक्टरचा महागाई भत्ता पण ह्यापेक्षा बरा वाढतो.

आणि २०२६ तर आणखी भारी. एका कायद्याने फॅक्टर एका वर्षापुरता २.५ टक्के वाढवला, आणि सरकारने दुसऱ्या बाजूने ज्या कामांना वेळ मोजत नाहीत त्यांची कामाची वजनं २.५ टक्के कमी केली, कारण काय तर तुम्ही आता जास्त कार्यक्षम झाला असणार. तुम्हाला कुणी विचारलं नाही, कुणी येऊन बघितलं नाही, पण कागदावर तुम्ही झालात. व्हिजिटांना ह्यातून सोडलंय, म्हणजे ह्या वेळी विचार करणाऱ्याचं नशीब थोडं फळफळलं, आणि सर्जन लोक जाम भडकलेत. मला विचाराल तर सर्व्हेतली मिनिटं बघता हे कधीतरी होणारच होतं, पण सगळ्यांना एकच पट्टी, हे म्हणजे न मोजताच माप घेणं झालं.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे सांगतो, ह्यात उपरोध नाही. वर्क आरव्हीयूला पेशंटची ऐपत दिसत नाही. मेडिकेडवाली (गरिबांचा सरकारी विमा) बाई आणि भारी इन्शुरन्सवाला बँकर, दोघांच्या ९९२१४ ला तुमच्या खात्यात १.९२ च पडतात. नुसत्या जमा होणाऱ्या बिलावर पगार असता तर त्या बाईला तुमच्याकडे अपॉइंटमेंट कधी मिळाली असती हे तुम्हीच विचार करा. अर्थात शेड्यूल बनवणारा मॅनेजर पण हे वाचत असेल, त्याच्यासमोर मोठ्याने बोलू नका.

बाकी महिन्याच्या मीटिंगमधे डॅशबोर्ड लावतात, सगळ्या डॉक्टरांची नावं उतरत्या क्रमाने, तुमचं खाली असणार कारण तुम्ही अजून पेशंटला "आणखी काही विचारायचंय का?" असं विचारता. ती सवय मोडा. दाराच्या मुठीला हात गेला की प्रत्येकाला छातीत दुखल्याचं आठवतं. आणि हो, मंगळवारच्या तुमच्या अकरा नोट्स अजून उघड्याच आहेत, आजही रिमाइंडर टाकलंय. त्यातली सहाव्या नंबरची फार सुंदर लिहिलीये, पण खाली सही नाही. सही नसलेल्या नोटचं मी काही करू शकत नाही, शून्य पडेल. झोपायच्या आधी करून टाका.