डोक्यात काय निघालं?

आदल्या रात्री चार तासांच्या वर झोपायचं नाही, डोकं शाम्पूने धुवायचं आणि तेलाचा थेंबही लावायचा नाही, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. पैकी तेलाचं घरात कोणालाच पटलं नाही. "कोरडं डोकं घेऊन जळगावला जातोस, लोक काय म्हणतील?" असं मोठी माय दारापर्यंत म्हणत आली. मोठी माय म्हणजे माझी मोठी काकू. वडिलांसकट सगळं घर तिला घाबरतं.

झालं होतं एवढंच, की मे महिन्यात चुलतभावाच्या लग्नात, भर दुपारच्या मुहूर्ताला, मुठीत अक्षता धरून मी मंडपात आडवा झालो. चव्वेचाळीस अंशांत कोट घातल्यावर दुसरं काय होणार! कोट नवरदेवाने घातला होता आणि मी. नवरदेवाला निदान पंखा होता. पण डॉक्टर म्हणाले, एकदा ईईजी, म्हणजे मेंदूतल्या विजेचा आलेख, काढून टाकू, शंका नको.

मशीनवरच्या पोराने आधी माझ्या डोक्यावर पेन्सिलीने खुणा केल्या, शिंपी कापडावर करतो तशा. मग प्रत्येक खुणेवर चिकट पेस्ट आणि पेस्टीवर वायर. वीसेक वायरी झाल्यावर म्हणाला, "डोळे मिटा. डोकं शांत ठेवा."

आता असं सांगितल्यावर कोणाचं डोकं शांत राहिलंय? वरून मला उगाच वाटायला लागलं, की हा पोरगा सगळं वाचतोय. म्हणून मी एखादा चांगला विचार करायला घेतला. आईचे उपकार आठवले. उपकारांवरून आईच्या हातची शेवभाजी आठवली. शेवभाजीवरून काल डब्यातली शेव संपली ते, तिथून वाण्याची उधारी, उधारीवरून स्टेशनबाहेर लावलेली मोटारसायकल, आणि तिची पावती पाकिटात आहे की घामाने भिजलेल्या त्या कोटात, इथे येऊन मी अडकलो. पुढची वीस मिनिटं मेंदूत फक्त पावती होती. मधे त्याने जोरजोरात श्वास घ्यायला लावला, डोळ्यांसमोर दिवा फडफडवला. पावती हलली नाही.

संध्याकाळच्या गाडीने अमळनेरला उतरलो तेव्हा केसांत वाळलेल्या पेस्टीच्या गाठी होत्या. अमळनेरात तत्त्वज्ञान मंदिर आहे, १९१६ सालचं. मन म्हणजे काय यावर तिथे मोठमोठ्या विद्वानांनी डोकं खर्चलंय. मोठ्या मायने तोच विषय ओट्यावर लसूण सोलता सोलता एका वाक्यात आणला :

"तुना डोकामा काय शे, ते सम्दं दिखनं का त्यामा?"

मी समजावलं, की मोठी माय, त्यात विचार दिसत नाहीत, रेघा दिसतात. सेलचे दीड व्होल्ट असतात ना, तर एका व्होल्टचे दहा लाख भाग कर आणि त्यातले पन्नासेक घे, एवढीशी वीज कवटीबाहेर पोचते. डोळे मिटून निवांत पडलं, की सेकंदाला आठ ते तेरा अशा ठसठशीत लाटा उठतात आणि डोळे उघडले की पसार होतात. थोडक्यात, काही करत नसताना माझं डोकं सगळ्यात देखणं असतं. ही शेवटची माहिती बायकोने नीट लक्षात ठेवली आहे.

हान्स बर्गर या जर्मन डॉक्टरचंही मी सांगितलं. तरुणपणी लष्करात असताना तो घोड्यावरून पडला, थोडक्यात वाचला, आणि त्याच दिवशी दूर घरी असलेल्या बहिणीचं मन घाबरं झालं म्हणून वडिलांची तार आली. एका मनातलं दुसऱ्या मनाला कळतं कसं, हे त्याने धरूनच ठेवलं. १९२४ साली त्याने माणसाच्या मेंदूतली वीज पहिल्यांदा टिपली आणि १९२९ साली छापली. निघाला होता मन शोधायला, हाती आल्या रेघा. मोठ्या मायला यातली बहीण तेवढी पटली.

तरी सकाळपर्यंत गल्लीत झालं, की जळगावात मनातलं दाखवणारं यंत्र आलंय. समोरच्या काकूंना त्यात जावई घालायचा होता. एकाला कापसाचा व्यापारी घालायचा होता, काटा लावायच्या आधी. एकटे आप्पा खवळले. त्यांचा जन्म बैलबाजारात गेला. उपरण्याखाली हात घालायचा, बोटं दाबून भाव सांगायचा, चेहऱ्यावरची माशी हलू द्यायची नाही. "मनातलं दिसायला लागलं तर उपरणं काय नाक पुसायला ठेवायचं?" म्हणाले.

त्या रात्री मला झोप लागेना. समजा, खरंच निघालं असं यंत्र. कपाळावर पाटी, दुकानावर लाल अक्षरं सरकतात तशी. आणि थंडीत मेव्हण्याच्या मळ्यात भरीत आहे. पऱ्हाट्यांच्या जाळावर वांगी भाजलीत, कांद्याची पात पडलीय, शेंगदाणे पडलेत, आणि हिरवी मिरची मेव्हण्याने स्वतःच्या हाताने घातलीय. हा माणूस मिरची मोजत नाही, पेरतो. पहिल्या घासाला माझ्या कानांतून वाफ निघते. तो समोर उकिडवा बसून विचारतो, "जिजाजी, कसं झालं?" मी म्हणतो, "एक नंबर!" आणि खरं वाटावं म्हणून पुन्हा वाढून घेतो. त्याच क्षणी माझ्या कपाळावरून सरकतंय, "पाणी... पाणी... पाणी..." आणि त्याच्या कपाळावर, "जिजाजी तिसऱ्यांदा घेताहेत, बायकांच्या पंगतीला उरणार का?" दोघांच्या मधे कळण्याच्या भाकरीचं टोपलं. पुढच्या हिवाळ्यात तो मला बोलावेल? मी जाईन?

मनाविरुद्ध कोणाची मेंदूतपासणी करता येणार नाही, असं सुप्रीम कोर्टाने २०१० साली सांगून ठेवलंय. पण तो निकाल पोलिसांसाठी. मोठ्या मायला तो कोण नेऊन देणार?

आणि खरी भीती पाटीवर काही वाईट दिसेल याची नव्हतीच. वाईट दिसलं तर निदान लोक वचकून असतील. तीन तास गल्ली जमून बघतेय आणि पाटीवर नुसती मोटारसायकलची पावती सरकतेय, असं झालं तर?

चौथ्या दिवशी रिपोर्ट आला. सगळं घर ओट्यावर जमलं. आप्पासुद्धा उपरणं खांद्यावर टाकून आले. मी पाकीट फोडलं, आतला कागद वाचला आणि सांगितलं, "नॉर्मल."

"आनखी?"

"आणखी काही नाही. एवढंच."

मोठ्या मायने कागद हातात घेतला, उलटा करून मागची कोरी बाजू पाहिली, पुन्हा सुलटा केला आणि माझ्याकडे बघून म्हणाली, "इतला पैसा गया, अन् डोकामाईन काहीच निंघनं नही?"