जोडनावाचा पुरस्कार

मे महिना आला की आपल्याकडचा जुना वाद पुन्हा तापतो. पहिला भारतीय चित्रपट कोणता, तोरण्यांचा १९१२ चा ‘पुंडलिक’ की फाळक्यांचा १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’? सिडनीत बसून मी दोन्ही बाजू वाचते आणि मला ऑस्ट्रेलियन मूकपटांतली नटी लॉटी लायल आठवते.

लॉटी इथल्याच बाल्मेनची, जन्म १८९०. विशीच्या आतच ती फिरत्या नाटक कंपनीत गेली. तिथे भेटलेला नट रेमंड लाँगफर्ड पुढे दिग्दर्शक झाला आणि १९११ पासून त्याच्या बहुतेक चित्रपटांची नायिका तीच. मेलोड्रामात घडलेली नटी कॅमेऱ्यापुढे हातवारे करणार, असंच वाटतं. पण १९१९ च्या ‘द सेंटिमेंटल ब्लोक’मधली तिची डोरीन, लोणच्याच्या कारखान्यात लेबलं चिकटवणारी, इतकी साधी आहे की आजही बघताना अवघडायला होत नाही. पडद्यामागे पटकथा, संकलन, निर्मिती यांतही तिचा हात असे. ‘द ब्लू माउंटन्स मिस्टरी’ची (१९२१) ती सहदिग्दर्शक होती. १९२५ मध्ये क्षयानं गेली, पस्तिसाव्या वर्षी. लाँगफर्डचं बस्तान पुढे मोडलंच. अमेरिकी चित्रपटांच्या लोंढ्यानं इथल्या सगळ्यांचीच कोंडी केली होती, पण लॉटी नसणं त्याला जड गेलं असं मला वाटतं. उतारवयात तो सिडनीच्या धक्क्यावर रात्रीचा पहारेकरी होता.

१९६८ पासून ऑस्ट्रेलियन चित्रपटसृष्टीचा मोठा सन्मान एकट्या लाँगफर्डच्या नावानं दिला जायचा. काही वर्षांपूर्वी तो ‘लाँगफर्ड लायल’ झाला. कौतुक आहे, पण बेताचंच. एवढ्यासाठी चाळीसहून अधिक वर्षं लागली.

आपला फाळके पुरस्कार १९६९ चा. फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळेना, म्हणून साळुंक्यांना लुगडं नेसवलं. मग ‘मोहिनी भस्मासूर’मध्ये पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी त्यांची लेक कमला. दोघी नाटक कंपनीतल्या. सिडनीत नटी होणं आणि त्या काळच्या महाराष्ट्रात नटी होणं यांची बरोबरी होणार नाही. इथे बायका स्टेजवर सर्रास होत्या, तिकडे घरंदाज बाईला ते म्हणजे नाव घालवणंच. तरी आज कमलाबाईंची ओळख करून देताना आपण आधी काय सांगतो? विक्रम गोखल्यांची आजी!

लॉटीसारखी पडद्यामागची बाई शोधायची तर फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई. फिल्मला भोकं पाडणं, ती धुणं, माणसांचं जेवणखाण, आणि पैसे संपले तेव्हा अंगावरचे दागिने. फाळके पुरस्काराला त्यांचंही नाव जोडावं, असं मी इथल्या मराठी मंडळींत म्हणून पाहिलं. ‘अहो, त्या तर घरच्याच होत्या,’ असं एका काकांचं उत्तर.

लॉटीही तशी घरचीच होती, फक्त लग्न झालेलं नव्हतं.