अडकलेल्या माणसाला खोलीतच राहू द्या

खोलीत, लिफ्टमध्ये, तळघरात अडकलेला माणूस हा पुण्यात लघुपट करणाऱ्या पोरांचा लाडका विषय. कारणही रास्त आहे. पैसे नसतात, बाहेर शूट म्हटलं की परवानग्यांसाठी खेटे घालावे लागतात, आणि कोथरूड-कर्वेनगरात कुणाची तरी भाड्याची खोली मिळतेच. २०२० च्या लॉकडाऊननंतर तर असे लघुपट ढिगाने आले. पण माणूस अडकला रे अडकला की दिग्दर्शकच खोलीतून पळ काढतो. फ्लॅशबॅक! आई, प्रेयसी, गावचा रस्ता, वर बासरी.

मध्यंतरी एका स्क्रीनिंगला लिफ्टमध्ये अडकलेल्या मुलीचा लघुपट पाहिला. बाटलीत तळाला पाणी. ती नखाने लेबलवर खूण करते, घोट घेते, मग बाटली डोळ्यांसमोर धरून पाणी कुठवर उतरलं ते बघते. आम्ही सगळे चिडीचूप. तिची भीती, तिचा हिशेब, तिची जगायची जिद्द, सगळं त्या बाटलीत दिसत होतं. आणि कट टू बालपणीचा वाढदिवस. इतका जीव तुटला माझा!

फ्रेंच लेखक ज्याँ जेनेचा १९५० सालचा 'अं शाँ दामूर' बघा. जेमतेम २६ मिनिटं, मूकपट. दोन कोठड्यांमधल्या भिंतीला बारीक भोक. एक कैदी त्यातून गवताची पोकळ काडी सरकवतो आणि तिच्यातून सिगारेटचा धूर फुंकतो, पलीकडचा तो तोंडात ओढून घेतो. कल्पनेतली दृश्यं त्यातही आहेत, कॅमेरा रानात जातो. पण मनात घर करते ती काडीच. जपानी दिग्दर्शक शिन्या त्सुकामोतोच्या २००५ च्या 'हेझ'मध्ये दिग्दर्शक स्वतःच काँक्रीटच्या चिंचोळ्या फटीत अडकलाय. तोंड पाइपला दाबलेलं, दात घासत घासत आडवं सरकायचं. तो दातांचा आवाज ऐकताना आपलेच दात शिवशिवतात. त्यावर व्हायोलिन चढवलं असतं तर?

एफटीआयआय ही सिनेमा शिकवणारी संस्था आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय दोन्ही ज्या शहरात आहेत, तिथल्या पोरांकडून मी एवढी अपेक्षा नक्की ठेवणार. अडकलेल्या माणसाला एखादं बारकं काम द्या आणि ते पूर्ण होईपर्यंत कट करू नका. नटावर भरवसा ठेवा, आम्हा बघणाऱ्यांवरही ठेवा.

सध्या कुणी असा लघुपट एडिट करत असेल, तर फ्लॅशबॅक काढून, म्युझिकचा ट्रॅक बंद करून एकदा सलग बघा. वीस मिनिटांचा अकराच मिनिटांचा उरला तरी उरू दे. स्क्रीनिंग ठेवलंत तर इथे कळवा, मी नक्की येईन.