ब्लॅकआऊट आणि टमरेल

१९७१च्या डिसेंबरात मी अकरा वर्षांचा होतो आणि आमचं बिऱ्हाड गिरगावातल्या एका चाळीत, तिसऱ्या मजल्यावर. ३ तारखेला संध्याकाळी पाकिस्तानने आपल्या विमानतळांवर बॉम्ब टाकले, मध्यरात्रीनंतर इंदिराबाई रेडिओवर बोलल्या आणि मग मुंबईत अंधार. भोंगे, गाड्यांच्या दिव्यांना अर्धा काळा रंग, हे सगळं लोकांनी सांगून झालंय. संडासाबद्दल कोणी बोलत नाही.

आमचे संडास गॅलरीच्या पार टोकाला, आणि वाटेत सगळ्यांच्या चपला, बादल्या, कोळशाची पोती आणि एक झोपलेले आजोबा. टॉर्च लावायची सोय नाही, खालून वॉर्डन ओरडणार, "तिसरा मजला, लाइट!" वॉर्डन म्हणजे तळमजल्यावरचा बेकार बंड्या. कालपर्यंत त्याला कोणी चहा विचारत नव्हतं, शिट्टी मिळाल्यावर बायका त्याला 'बंडोपंत' म्हणायला लागल्या. त्याच्या धाकाने बाबांनी ऑफिसातले वापरलेले कार्बन पेपर आणून खळीने काचांना चिकटवले, तर आमची बोटं निळी, नाकं निळी, एकदा तर पोळीसुद्धा निळी.

त्यात संडासाच्या एकाही दाराला धड कडी नव्हती. म्हणून ठरलं की आत बसलेल्याने मोठ्याने काहीतरी म्हणत राहायचं. एका काकांनी रामरक्षा सुरू केली, आजी भडकली, तेव्हापासून फक्त पाढे. मला एकोणतीसचा पाढा आजही पाठ आहे, त्याचं श्रेय शाळेला अजिबात नाही. भोंगा वाजला की बाहेरची रांग जिन्याखाली पळायची, आतल्याचा पाढा मात्र एकदम फास्ट व्हायचा.

१६ला ढाक्यात शरणागती झाली, १७ला रात्री ८ला पश्चिमेकडची लढाई थांबली. मग एकदाचे गॅलरीतले दिवे लागले, पेढे वाटले गेले, दोन वर्षं अबोला धरलेल्या शेजारच्या काकू आणि आई चक्क गळ्यात पडल्या. आणि तेवढ्यात काकूंची नजर आमच्या दारातल्या टमरेलावर गेली. डालड्याचा डबा, तारेचा कान, बुडाशी लाल रंगात त्यांच्या खोलीचा नंबर. आमचं त्यांच्या दारात होतं. म्हणजे इतके दिवस अंधारात... आई आत गेली, काकू आत गेल्या, दोन्ही दारं धाडकन लागली.

अबोला पुढे माझ्या मॅट्रिकपर्यंत चालला.