कोकोची बी आणि खोटं नाणं : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार सर,

स्पॅनिश येण्यापूर्वी मेक्सिकोवर राज्य करणाऱ्या अ‍ॅझ्टेक लोकांत कोकोच्या बिया पैसा म्हणून चालत, असं मी ‘चॉकलेट देऊन बाजारहाट’ या लेखात लिहिलं होतं. त्यावरची तुमची प्रतिक्रिया दोनतीनदा वाचली. तुम्ही नाणी जमवता, त्यामुळे तुमचे आक्षेप नेमके आहेत. राजाची मुद्रा नाही ते चलन नाही, हा पहिला. बी देऊन टोमॅटो घेणं हा साधा वस्तुविनिमय, हा दुसरा. आणि मी दिलेले भाव स्पॅनिश अमलातले आहेत, ते ‘प्राचीन’ म्हणून खपवले, हा तिसरा.

तिसरा आक्षेप मान्य. ती भावांची यादी १५४५ सालची, मेक्सिकोतल्या त्लाश्कालामधली, नाहुआत्ल या स्थानिक भाषेत लिहिलेली आहे. तेव्हा अ‍ॅझ्टेक सत्ता बुडून चोवीस वर्षं झाली होती. लेखात मी साल दिलं, पण त्याचा अर्थ सांगितला नाही. शीर्षकही चुकलंच. चलन होती ती कोकोची सुकी बी. चॉकलेट हे त्या बियांपासून केलेलं पेय. दोन्ही दुरुस्त्या केल्या आहेत.

पण बियांचा व्यवहार स्पॅनिशांनी आणलेला नव्हता. १५०२ मध्ये, अ‍ॅझ्टेक सत्ता बुडवणारा स्पॅनिश सेनानी कोर्तेस मेक्सिकोत उतरायच्या सतरा वर्षं आधी, होंडुरासजवळच्या ग्वानाखा बेटापाशी कोलंबसला व्यापारी मालानं भरलेली एक मोठी होडी भेटली. त्याचा मुलगा फर्नांडो त्या सफरीत होता. त्यानं लिहून ठेवलंय की होडीत ‘बदाम’ होते आणि त्यातला एखादा खाली पडला तरी ती माणसं स्वतःचा डोळाच निखळून पडल्यासारखी तो उचलायला वाकत. ते बदाम म्हणजे कोकोच्या बिया.

आता वस्तुविनिमयाचं. त्या यादीत टर्कीच्या अंड्याला ३ बिया, मोठ्या टोमॅटोला १, तमालेला (मक्याच्या पिठाचा वाफवलेला पदार्थ) १. ॲव्होकाडो नुकता तोडलेला असेल तर ३ आणि पूर्ण पिकलेला असेल तर १. मला ही शेवटची नोंद फार आवडते, कारण आज पिकलेलं फळ उद्या टाकावं लागणार हे कळणारी बाजारातली बाई त्यात दिसते. इतक्या वेगवेगळ्या वस्तूंचे भाव जेव्हा एकाच मापात सांगितले जातात, तेव्हा ते माप पैशाचंच काम करत असतं. मोठ्या व्यवहारांसाठी क्वाच्त्ली नावाची सुती वस्त्रं होती. प्रतीप्रमाणे एकेका वस्त्राच्या ६५, ८० किंवा १०० बिया मिळत. म्हणजे बी ही त्यांची सुट्टी मोड.

मोजणी विसाच्या पटीत. ४०० बियांचं एक त्सोन्त्ली, ८,०००चं एक शिकिपिल्ली आणि अशी तीन शिकिपिल्ली म्हणजे २४,००० बियांचं एक ओझं. राजधानी तेनोच्तित्लान समुद्रसपाटीपासून सव्वादोन हजार मीटर उंचावर. तिथे हे झाड जगत नाही, त्याला उष्ण, दमट सखल प्रदेशच लागतो. दूर दक्षिणेच्या शोकोनोच्को प्रांतातून खंडणी म्हणून वर्षाला २०० ओझी येत, तीही माणसांच्या पाठीवरून, कारण ओझ्याची जनावरं नव्हतीच. ‘पैसा झाडाला लागला तर कोणीही श्रीमंत होईल’ या तुमच्या शंकेचं उत्तर या वाटेत आहे. शिवाय लोक तो पैसा कुटून पीतही होते, म्हणजे बिया सतत व्यवहारातून बाहेर पडत होत्या.

माझा सगळ्यात मोठा पुरावा मात्र लबाडीचा आहे. फ्रे बेर्नार्दिनो दे साआगून या सोळाव्या शतकातल्या स्पॅनिश धर्मगुरूनं स्थानिक लोकांकडून जी माहिती गोळा केली, तिच्यात लबाड कोकोविक्याचं वर्णन आहे. तो राजगिऱ्याचं पीठ मळून, मेण किंवा ॲव्होकाडोची कोय वापरून नकली गर करतो आणि त्यावर खऱ्या बीचं साल चढवतो. (राजगिरा मूळचा तिकडचाच, आपल्या उपासाच्या लाडवात तो फार नंतर आला.) मैत्रिणीनं केरळातून आणलेल्या काही बिया माझ्याकडे आहेत. त्यातली एक तव्यावर भाजून चिमटीत दाबली, तर साल शेंगदाण्याच्या टरफलासारखं सुटलं. पातळ, तपकिरी, कडकडीत. ते न मोडता आत पीठ भरायचं आणि पुन्हा मिटवायचं, हे किती नाजूक काम असेल! नुसत्या खायच्या वस्तूसाठी एकेका दाण्यावर एवढी मेहनत कोण घेईल? तुमच्या संग्रहात खोटी नाणी असतीलच. नाणं चालतं म्हणून तर कोणी खोटं पाडतं.

राहिली मुद्रा. कवडीवर कोणत्या राजाची मुद्रा होती? तरी ‘फुटकी कवडी’ आणि ‘कवडीमोल’ आपल्या तोंडी आहेतच. सतराव्या शतकात ताव्हेर्निए हा फ्रेंच जवाहिऱ्या गुजरातेत आला, तेव्हा तिथे इराणचे कडू बदाम चिल्लर म्हणून चालत होते. ते इतके कडू की मुलं खाऊन टाकतील ही भीती नाही, असं तो लिहितो.

माया या अ‍ॅझ्टेकांहून जुन्या लोकांतही बिया पैसा म्हणून चालत, हे मात्र मी जास्तच ठामपणे लिहिलं होतं. बोनाम्पाक या त्यांच्या नगरातल्या आठव्या शतकातल्या भित्तिचित्रात एका गाठोड्यावर ‘पाच पिक काकाव’ असं लिहिलंय. पिक म्हणजे ८,००० आणि काकाव म्हणजे कोको, म्हणजे एकूण ४०,००० बिया. दरबारात मोजून आलेला हा माल. खंडणी होती हे त्यातून पक्कं होतं, पण त्याच बिया बाजारात पैसा म्हणून फिरत होत्या हे एवढ्यावरून सिद्ध होत नाही. लेखातलं ते वाक्य काढून तिथे हे चित्र जसं आहे तसं मांडलं आहे. तुमच्या पहिल्या दोन आक्षेपांसाठी मात्र काही बदललेलं नाही.