शोधपत्रकार म्हणजे शत्रूचा हेर? आप्पांनी पाठवलेल्या मेसेजला उत्तर

साताऱ्याकडच्या माजी सैनिकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर सध्या एक मेसेज फिरतोय. माझे चुलते आप्पा हवालदार म्हणून निवृत्त झाले, त्यांनी तो मलाही पाठवला. त्याचं म्हणणं असं: गुप्त कारवायांची बातमी खणून काढणारा पत्रकार शत्रूचाच हेर. २६/११ला पत्रकारांनीच अतिरेक्यांना मदत केली. घरात बसून युद्धाचं कुणाला काही कळत नाही, म्हणून लष्कर सांगेल तेवढंच छापावं. आणि बहिर्जी नाईकांच्या काळी पत्रकार नव्हते, म्हणून त्यांची कामगिरी फत्ते झाली.

आप्पा, २६/११चं आधी घेते, कारण त्यात तथ्य आहे. कमांडोंच्या हालचाली वाहिन्या थेट दाखवत होत्या आणि पाकिस्तानात बसलेले सूत्रधार ते बघून फोनवर हुकूम सोडत होते. २०१२मध्ये कसाबच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वाहिन्यांना यावरून खडसावलं. २०१५पासून अशा कारवाईच्या थेट प्रक्षेपणाला बंदी आहे, आणि ती योग्यच आहे. पण चालू चकमकीवर कॅमेरा लावणं आणि घडून गेलेल्या गोष्टीचे पुरावे महिनोन्महिने जुळवणं, ही दोन वेगळी कामं आहेत.

घरात बसून काय कळतं? १७ जुलै २०१४ला मलेशियाचं एमएच १७ विमान पूर्व युक्रेनवर पाडलं गेलं, २९८ माणसं गेली. रशियाने हात झटकले. इंटरनेटवरच्या उघड माहितीतून शोध घेणाऱ्या बेलिंगकॅट या गटाने लोकांनी रस्त्यावर काढलेले फोटो आणि व्हिडिओ गोळा केले. मागची दुकानं, पाट्या, वळणं ताडून कुठला फोटो कुठे काढला ते ठरवलं. विमान पाडणाऱ्या बुक क्षेपणास्त्राच्या गाडीवरच्या ओरखड्यांवरून तीच गाडी आधी रशियाच्या कुर्स्कहून निघालेल्या एका लष्करी ब्रिगेडच्या ताफ्यात होती, हे दाखवलं. अधिकृत तपासही त्याच ब्रिगेडपर्यंत पोचला. नोव्हेंबर २०२२मध्ये डच न्यायालयाने तिघांना, ते हजर नसताना, जन्मठेप सुनावली.

आता ‘लष्कर सांगेल तेवढंच’. २९ ऑगस्ट २०२१ला अमेरिकेने काबूलमध्ये ड्रोनने एक मोटार उडवली आणि स्फोटकं नेणारा अतिरेकी मारल्याचं सांगितलं. न्यूयॉर्क टाइम्सच्या वार्ताहरांनी त्या माणसाचा पूर्ण दिवस मिनिटामिनिटाने उभा केला. तो एका अमेरिकी मदतसंस्थेत कामाला होता. ऑफिसच्या कॅमेऱ्यात तो घरी न्यायला पाण्याचे कॅन भरताना दिसतो. मेले ते दहाजण, त्यांत सात मुलं. बातमी आल्यावर आठवड्याभरात पेंटागॉनने, म्हणजे अमेरिकेच्या संरक्षण खात्याने, चूक कबूल केली. वार्ताहर गप्प बसते तर ती मुलं आजही ‘अतिरेक्याबरोबरची’ म्हणूनच मोजली गेली असती. मला हे वाचून रात्री झोप लागली नव्हती.

बहिर्जींबद्दल मला तुमच्याइतकाच आदर आहे. बाणूरगडावर, आपल्या शेजारच्या सांगली जिल्ह्यात, त्यांच्या समाधीपुढे मीही माथा टेकवलाय. सुरतेवर स्वारी होण्याआधी तिथली खबर महाराजांना त्यांनी दिली, असं बखर सांगते. त्या खबरीचं मोल ती खरी असण्यात होतं. राजाला आवडेल तेवढंच सांगणारा जासूद स्वराज्याच्या काय कामाचा?

आणि ‘हेर’ हा शिक्का मारण्याआधी इस्रोचं प्रकरण आठवा. १९९४मध्ये पोलिसांनी इस्रोचे शास्त्रज्ञ नंबी नारायणन यांना हेर ठरवलं. वर्तमानपत्रांनी ते न तपासता रकानेच्या रकाने छापलं. १९९६ला सीबीआयने सगळं खोटं असल्याचं सांगितलं. २०१८मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना ५० लाख भरपाई द्यायला लावली. चोवीस वर्षं गेली त्यात. तिथे कमी पडली ती शोधपत्रकारिताच.

आप्पा, मे २०२५ची, भारत-पाकिस्तान संघर्षातली ती रात्र तुम्हालाही आठवत असेल. जावई सीमेवर होते, ताई टीव्हीपुढून हलत नव्हती. वाहिन्या कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याचं सांगत होत्या, फोनवर व्हिडिओ गेममधली दृश्यं खरी लढाई म्हणून येत होती. ताई हसायची, मग रडायची, मग पुन्हा फोन लावायची. सकाळी कराची बंदर जिथल्या तिथे होतं. ते खोटं आहे हे ज्यांनी दृश्यं तपासून दाखवलं, त्यांनाच तुमचा हा मेसेज शत्रूचे हेर म्हणतोय.